सासऱ्यांच्या फोनमधला साप

लग्नानंतरची पहिली पाच वर्षं मी माझ्या सासऱ्यांशी एक शब्दही बोलले नाही. आमचं भांडण नव्हतं. आमच्या बंजारा तांड्यात तशी रीतच होती. सासरे दिसले की सुनेनं पदर नाकापर्यंत ओढायचा, वाटेतून बाजूला व्हायचं आणि तोंड उघडायचं नाही. तेही घरात शिरताना दारातच खाकरायचे, म्हणजे मला आत सरकायला वेळ मिळायचा.

मी दारव्ह्याची. वडील तिथल्या एका शाळेत शिपाई होते, म्हणून मला बारावीपर्यंत सायन्स शिकता आलं. मार्क बरे पडले, पण निकाल लागला त्याच उन्हाळ्यात लग्न लागलं आणि मी बोरी अरबच्या पुढच्या तांड्यावर आले. नवरा दारव्हा ते बोरी अरब काळी-पिवळी जीप चालवायचा. सासरे शेती बघायचे. कापूस, सोयाबीन आणि मधे तुरीच्या ओळी. सासूला मी याडी म्हणते. आमच्या गोरबोलीत याडी म्हणजे आई. घरात आम्ही गोरबोलीच बोलतो. इथं लिहिताना मात्र सगळ्यांचं बोलणं मी वऱ्हाडीत आणलं आहे.

आता न बोलता एका घरात राहायचं तर काही तरी तोड काढावीच लागते. सासऱ्यांना चहा हवा असला की ते अंगणात बांधलेल्या शेळीला म्हणायचे, "आज चहा भेटन काय." मी आतून माझ्या तान्ह्या मुलीला सांगायची, "आजोबाले सांग बाई, दूध फाटलं. काळा चालन काय." मग ते शेळीला म्हणायचे, "चालन." मुलीला बोलता येत नव्हतं आणि शेळी ऐकत नव्हती. काम मात्र होऊन जायचं.

मुलगी दोन वर्षांची असताना नवऱ्यानं सासऱ्यांसाठी फोन आणला. साधा बटणांचा, डोक्यावर टॉर्च असलेला. शेतातून हाक मारायची गरज पडू नये, एवढाच हेतू. सासऱ्यांना आकडे वाचता येत, सही करता येई, अक्षरं नाही. नवऱ्यानं त्यांना हिरवं बटण कोणतं, लाल कोणतं ते शिकवलं, आणि शेताच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बसल्या बसल्या वेळ जावा म्हणून त्यातला सापाचा खेळही दाखवून ठेवला.

घरात धड चालणारा विजेचा बोर्ड एकच, तोही स्वयंपाकाच्या खोलीत. त्यामुळे दुपारी जेवण झालं की सासरे फोन उंबऱ्यावर ठेवायचे आणि लिंबाखाली आडवे व्हायचे. मी तो उचलून चार्जिंगला लावायची. पहिले काही दिवस मी नुसता लावला. मग एकदा दुपारी याडी शेजारी गेली होती, मुलगी झोपली होती, आणि मी फोन हातात घेऊन खेळ उघडला. माहेरी भावाच्या फोनवर मी हाच साप खेळायची. दोन म्हणजे वर, आठ खाली, चार डावीकडं, सहा उजवीकडं. बोटांना सगळं आठवत होतं. दाणा खाल्ला की साप वाढतो, भिंतीला किंवा स्वतःच्या अंगाला लागला की मरतो.

माझा साप मेला तेव्हा पडद्यावर नवा आकडा आला. त्या फोनमध्ये सर्वांत जास्त गुणांचा एकच आकडा राहत असे. आधीचा होता चौसष्ट, आता दिसत होते एकाहत्तर. तो आकडा पुसायचा कसा ते मला माहीत नव्हतं. म्हाताऱ्या माणसाचा फोन सुनेनं चोरून खेळला, हे कळलं तर काय होईल याचा मी दुपारभर विचार करत बसले.

संध्याकाळी सासरे अंगणात बाजेवर बसून फोनकडे बराच वेळ पाहत राहिले. मी दाराआडून बघत होते. दुसऱ्या दिवशी दुपारी फोन उंबऱ्यावर आला. मी चार्जिंगला लावून खेळ उघडला, तर आकडा होता शहात्तर.

म्हणजे ते दिवसभर धुऱ्यावर बसून तेच करत होते. मला जे वाटलं ते काय होतं, हे आजही नीट सांगता येत नाही. त्या घरात इतक्या दिवसांत पहिल्यांदा कोणी तरी मला काही तरी म्हणालं होतं, असं वाटलं. त्या दुपारी मी एक्क्याऐंशी केले.

पुढची दोन वर्षं हे चाललं. रोज नाही, वेचणीच्या दिवसांत आठ-आठ दिवस कोणालाच वेळ नसायचा. पण फोन उंबऱ्यावर आला की आकडा बघायचा हे ठरलेलं. त्यांची बोटं जाड, नांगराचं काम केलेली. बटण दाबताना दोन बटणं दाबली जायची. म्हणून ते अंगठ्याच्या नखानं खेळत, आणि दोनच्या बटणावरचा आकडा पार झिजून गेला होता. मी एकदा एकशे बारा केले तेव्हा संध्याकाळी ते शेळीला म्हणाले, "या घरात कोणीतं एकशे बारा केले. म्या त नाही केले. तू केले काय?" मी पदरात तोंड घालून हसले. त्यांनी ते ऐकलं असावं, कारण ते लगेच खाकरले.

याडीला बटणांच्या या टिकटिकीचा संशय आलाच. एका दुपारी ती लवकर परतली आणि माझ्या हातात फोन पाहून दारातच थांबली.

"काय करून राह्यली व?"

मी काही बोलायच्या आत लिंबाखालून सासऱ्यांचा आवाज आला. ते झोपलेले नव्हते.

"चार्जिंग होते का नाही पाहून राह्यली ते. कालपासून गडबड करते तो फोन."

याडी आत आली, पाणी प्यायली, आणि विषय संपला. माझ्यासाठी ते खोटं बोलले होते. त्या दिवसापासून मी दुपारचा चहा त्यांनी शेळीला सांगायच्या आधीच करायला लागले.

मुलगी चार वर्षांची झाली त्या वर्षी दसऱ्याच्या सुमाराला आमच्या शेतात सोयाबीनची मळणी चालली होती. ट्रॅक्टरवर थ्रेशर लावलेला, दोन मजूर भारे टाकत होते, मी आणि याडी गंजीवरून भारे ओढून देत होतो. धुळीसाठी मी डोक्याला आणि तोंडाला ओढणी गुंडाळली होती. सोयाबीन थोडं ओलं होतं, त्यामुळे थ्रेशरच्या तोंडाशी पाला अडकत होता. सासऱ्यांनी तो हातानं मोकळा करायला घेतला. असं सगळेच करतात. मी वर पाहिलं तेव्हा ते हात मागे घेऊन उभे होते आणि कोपरापर्यंत रक्त वाहत होतं.

ट्रॅक्टरवाल्यानं मशीन बंद केलं. मग कोणालाच काही सुचेना. एक मजूर पाणी आणायला पळाला, दुसरा जागचा हलला नाही. याडी खाली बसली आणि तिला भोवळ आली. दारव्ह्याला कॉलेजात असताना आमचं प्रथमोपचाराचं एक शिबिर झालं होतं. तिथं शिकवलेल्यातल्या दोनच गोष्टी मला आठवल्या. मी ओढणी सोडली, आतली न मळलेली बाजू वर करून त्यांच्या हाताभोवती गच्च गुंडाळली आणि दोन्ही हातांनी दाबून धरली.

"हात वर धरा," मी म्हणाले. "डोक्याच्या वर. खाली नका आणू."

त्यांनी हात वर धरला.

त्यांच्याशी मी बोललेलं हे पहिलं वाक्य. माझ्या तोंडावर काही नव्हतं, डोक्यावरही नव्हतं, आणि ते माझ्याकडे सरळ बघत होते. त्या वेळी हे माझ्या लक्षातही आलं नाही.

ट्रॅक्टरवाल्यानं नवऱ्याला फोन लावला. तो बोरी अरबच्या रस्त्यावर सवाऱ्या घेऊन होता. त्यानं काय झालं ते सांगितल्यावर सगळ्या सवाऱ्या कुरकुर न करता भर रस्त्यात उतरल्या. एका म्हातारीनं तिच्या पाण्याची बाटली जीपमध्येच ठेवून दिली, "लागन," म्हणून. ती कोण, कुठली, आम्हाला पुढं कधी कळलं नाही. यवतमाळला पोहोचेपर्यंत ते पाणी पुरलं.

जीपमध्ये मागच्या सीटवर मी त्यांचा हात वर धरून बसले होते. पुढं बसलेली याडी सारखी मागे वळून पाहत होती. डांबरी रस्त्याला लागल्यावर सासरे म्हणाले, "तुले भेव नाही लागत काय?"

मला वाटलं याडीला विचारताहेत. पण ते माझ्याकडे बघत होते.

"लागते," मी म्हणाले.

"मंग तुहा हात काहून थरथरत नाही?"

मी ओढणीवरचा दाब आणखी वाढवला. मग तेच म्हणाले, "म्हणून एकशे बारा होतात तुहे."

याडीला काहीच कळलं नाही. तिला वाटलं त्यांना भ्रम झाला, आणि ती रडायला लागली.

उजव्या हाताच्या दोन बोटांची पुढची पेरं गेली. अंगठा वाचला, बाकीची दोन बोटं वाचली. डॉक्टर म्हणाले, दाब देऊन हात वर धरला म्हणून रक्त कमी गेलं. जखम भरली की राहिलेली बोटं रोज हलवायची, अंगठा तर जास्तच, नाही तर हात आखडेल.

जखम भरली, पण सासरे हात हलवीनात. तो हात ते टॉवेलखाली झाकून बसायचे. पेला डाव्या हातानं धरायचे, जेवताना भिंतीकडे तोंड करायचे. नवऱ्यानं सांगून पाहिलं, याडीनं रागावून पाहिलं. आता मी बोलू शकत होते, म्हणजे निदान कोणी मला अडवत नव्हतं. मीही सांगून पाहिलं. ते "हो" म्हणायचे आणि टॉवेल पुढं ओढायचे. फोन उंबऱ्यावर येणं बंद झालं होतं. तो कोनाड्यात पडून होता.

मी तो चार्ज केला. त्यात माझे दोनशे बारा होते. अपघाताच्या आठवड्यातच मी ते केले होते, त्यांनी ते अजून पाहिलेही नव्हते. मला वाटलं, आखडलेल्या अंगठ्याच्या माणसासमोर दोनशे बारा ठेवणं बरं नाही. तो आकडा काढायला हवा. सेटिंगमध्ये शोधत शोधत मी एका ठिकाणी पोहोचले, तिथं सगळं पहिल्यासारखं करायचं बटण होतं. मी ते दाबलं. खेळ उघडला तर आकडा शून्य झालेला. मी खूश झाले आणि फोन त्यांच्या बाजेवर नेऊन ठेवला.

"पुन्हा सुरुवातीपासून," मी म्हणाले. "तुमचे बी शून्य, माहे बी शून्य."

त्यांनी डाव्या हातानं फोन घेतला, खेळ पाहिला, मग खेळातून बाहेर येऊन नंबरांची यादी उघडली. ती रिकामी होती. याडीच्या भावाचा, माझ्या नणंदेचा, ट्रॅक्टरवाल्याचा, सगळ्यांचे नंबर गेले होते. नवरा माझ्यावर चिडला. त्यानं ते सगळे नंबर एकेकाला विचारून भरले होते.

सासरे एकदम हसायला लागले. दवाखान्यातून आल्यापासून ते हसले नव्हते.

"जाऊ दे ना बाप्पा," ते नवऱ्याला म्हणाले. "ज्याले काम असन तो करन फोन."

त्या संध्याकाळी टॉवेल बाजूला पडला. उजव्या अंगठ्यानं पहिल्या डावात ते चार गुणांवर मेले. दुसऱ्या दिवशी नऊ. अंगठा दुखायचा, ते शिव्या द्यायचे, थोडं थांबून पुन्हा धरायचे. संक्रांतीपर्यंत त्यांनी पन्नास ओलांडले, आणि त्याच अंगठ्यानं पेलाही धरू लागले.

जखम भरेपर्यंत ड्रेसिंगसाठी आम्ही यवतमाळला जायचो तेव्हा तिथली एक सिस्टर मला बघत असे. पट्टी सोडताना मी तिला न सांगता कापूस, चिमटा पुढं करायची. संक्रांतीनंतर हात दाखवायला गेलो तेव्हा तिनं विचारलं, "किती शिकलीस?"

"बारावी सायन्स."

"मग नर्सिंग का नाही केलंस?"

मी हसून सोडून दिलं. सासरे स्टुलावर बसून ऐकत होते. घरी आल्यावर मात्र जेवायच्या वेळी त्यांनी सगळ्यांसमोर विषय काढला.

"तिले नर्सिंगचा फार्म भराचा आहे," ते म्हणाले. मी तसं कधी म्हटलं नव्हतं.

याडी म्हणाली, "पोरगी पाच वर्साची होऊन राह्यली. घरचं कोण करन?"

"मी करीन."

"तुम्ही? त्या हातानं?"

"याच हातानं."

नवरा भाकरी मोडत राहिला. त्याला माझं जाणं नको होतं असं नाही, पण तांडा काय म्हणेल याची धास्ती होती. तांडा म्हणालाच. सून यवतमाळला होस्टेलात राहणार, म्हातारा घरी पोरगी सांभाळणार, यावर लोक हसले. मंदिराजवळ एकानं त्यांना तोंडावर विचारलं तेव्हा ते म्हणाले, "लोकाच्या सुनाईले विळा चालवता येते. माह्या सुनंले रक्त थांबवता येते. मंग घरी काहून बसवू?" हे मला नंतर नवऱ्यानं सांगितलं. त्याच आठवड्यात तो माझ्याबरोबर फॉर्म भरायला आला.

दोन वर्षं मी यवतमाळला राहिले. सासऱ्यांनी मुलीला शाळेत सोडलं, आणलं, तिच्या वेण्या घातल्या. पहिल्या वेण्या इतक्या सैल होत्या की शाळेत पोचेपर्यंत सुटायच्या. मग ते दात-ओठ खाऊन घट्ट घालायला लागले आणि मुलगी रडायला लागली. शेवटी याडीनं ते काम आपल्याकडे घेतलं. कुरकुरत घेतलं, पण घेतलं. मी सुटीत आले की ती माझ्या पुढ्यात भाकरी वाढताना म्हणायची, "वाळली व. तिथं जेवत नाही काय?"

होस्टेलात माझ्याकडेही साधाच फोन होता, त्यातही साप होता. पंधरा-वीस दिवसांतून एकदा संध्याकाळी घरचा नंबर वाजायचा. मी उचलला की पलीकडून सासरे म्हणायचे, "अठ्ठ्याऐंशी." एवढं बोलून फोन बंद. हालहवाल विचारणं त्यांना जमत नव्हतं. त्या एका आकड्यावरून मला कळायचं की हात चालतो आहे, घरी सगळं ठीक आहे, आणि ते माझी आठवण काढत आहेत. अवघड विषयाची परीक्षा जवळ आली आणि मी घाबरले, त्या वेळी मीच फोन करून म्हटलं, "माहे तीसच होऊन राह्यले." मग ते म्हणाले, "घाई करून राह्यली असन तू. हळू चालव." मी पास झाले.

पहिली नोकरी कळंब तालुक्यातल्या एका गावात मिळाली, कंत्राटी. मुलीला मी सोबत नेलं. सासऱ्यांचा तो फोन त्या वर्षांत कधी तरी कायमचा बंद पडला. नवऱ्यानं त्यांना मोठ्या पडद्याचा फोन दिला. त्यांनी तो दोन दिवस वापरून परत केला. काचेवर त्यांच्या जाड, आखूड झालेल्या बोटांनी काहीच नीट दाबलं जात नव्हतं. मग मी बटणांचा नवा आणला. त्यात साप होता, पण तो एका भिंतीतून शिरून दुसऱ्या भिंतीतून बाहेर यायचा. सासऱ्यांनी एकच डाव खेळला. "हा काही खरा साप नाही," ते म्हणाले. "मरतच नाही."

मग दारव्ह्याला आठवडी बाजाराच्या दिवशी मी तो फोन घेऊन दुकानं फिरले. दोन दुकानदारांनी मला हसून परत पाठवलं. तिसरा माझ्याच वयाचा होता. त्यानं विचारलं, "भिंतीला लागला की मरणारा पाहिजे ना?" जुन्या फोनचे खेळ त्यानं हौसेनं एका मेमरी कार्डात जपून ठेवले होते, साप, विटा फोडायचा चेंडू, गाडीचा खेळ. अजून काही म्हातारे आणि ट्रकवाले ते मागायला येतात, असं तो म्हणाला. त्यानं साप फोनमध्ये टाकला, चालवून दाखवला आणि मुद्दाम भिंतीवर आपटून मारून दाखवला. त्या माणसाचे मी किती आभार मानले असतील, त्याला कळलंही नसेल कशासाठी.

सासऱ्यांना मात्र मी कधी आभार म्हटले नाहीत. आमच्यात तसं म्हणत नाहीत, आणि मी म्हटलं असतं तर ते उठून अंगणात गेले असते. पण रोज सकाळी गणवेश घालताना मला ते आठवतात. सून हुशार आहे, असं त्यांना कोणी सांगितलेलं नव्हतं. त्यांनी ते एका लहानशा पडद्यावरच्या आकड्यांवरून स्वतःच ओळखलं, ओळखून मनात ठेवलं, आणि वेळ आल्यावर सगळ्यांसमोर सांगितलं.

गेल्या वर्षी माझी बदली बोरी अरबकडच्या एका उपकेंद्रात झाली आणि मी पुन्हा तांड्यावर राहायला आले. पहिल्याच आठवड्यात रक्तदाब तपासणीचा दिवस होता. पायऱ्यांवर रांग लागली होती. मी मान खाली घालून रजिस्टर भरत होते. "पुढचे," म्हटलं आणि समोरच्या स्टुलावर सासरे येऊन बसले. धुतलेलं धोतर, पांढरा शर्ट. घरी मला काही बोलले नव्हते. रांगेत सगळ्यांबरोबर उभे राहून आले होते.

रजिस्टरमध्ये पहिला रकाना नावाचा. पदर कधीच मागे पडला, पण सासऱ्याचं नाव सुनेनं तोंडातून काढायचं नाही आणि कागदावर तर मुळीच लिहायचं नाही, ही रीत माझ्याकडून कधी सुटली नव्हती. रेशनकार्डाच्या फॉर्मवरसुद्धा मी ते नवऱ्याकडून लिहून घेतलेलं. पेन कागदावर टेकवून मी तशीच थांबले.

ते जरा पुढं झुकले.

"लिहा सिस्टर," ते म्हणाले, आणि स्वतःचं नाव, वडलांचं नाव, आडनाव, तांडा, सगळं एकेक करून सावकाश सांगितलं. "वय बहात्तर टाका. एखादं इकडंतिकडं."

मी लिहिलं. मग त्यांच्या दंडाला पट्टा बांधला, हवा भरली, काटा बघितला. रक्तदाब थोडा वाढलेला होता. मीठ कमी करा, म्हणून मी इतरांना सांगते तसंच त्यांना सांगितलं. त्यांनी मान डोलावली आणि मागच्या माणसाला जागा करून दिली. घरी जाऊन त्यांनी याडीला सांगितलं की सिस्टरनं अळणी खायला लावलं आहे, आणि संध्याकाळी मी दारात पाय ठेवला तेव्हा याडी हातात मिठाची बरणी घेऊन माझी वाट बघत उभी होती.